छप्पर नसलेल्या चर्चमधला उजेड

तिपाई उचला. लाकडी आहे, जड आहे, आणि दिवसभर ती तुमच्याच खांद्यावर राहणार आहे. साल १९४७, महिना जुलै, सकाळचे आठ. तुम्ही लंडन ब्रिजच्या उत्तर टोकाला उभे आहात. पाठीशी थेम्स, समोर 'सिटी', म्हणजे जेमतेम एक चौरस मैलाचं जुनं लंडन. बँका, विमा कंपन्या, घाऊक व्यापाऱ्यांच्या पेढ्या, आणि जवळजवळ प्रत्येक वळणावर एक चर्च. काही शाबूत, काहींचा नुसता मनोरा उरलेला, काहींच्या फक्त चार भिंती.

तुमच्याबरोबर दोघं आहेत. दिग्दर्शिकाबाईंच्या काखेत टाइप केलेली संहिता, कॅमेरामनच्या हातात न्यूमन-सिंक्लेअर. हा चौकोनी, ॲल्युमिनियमचा कॅमेरा चावीवर चालतो. त्याच्या मॅगझिनमध्ये २०० फूट फिल्म बसते आणि ती सव्वादोन मिनिटांत संपते. आज सहा मॅगझिनं मिळाली आहेत, त्यातच दिवस भागवायचा आहे. काम सरकारी. युद्धाच्या काळात माहिती मंत्रालय असे माहितीपट काढायचं. १ एप्रिल १९४६ पासून त्याच्या जागी सेंट्रल ऑफिस ऑफ इन्फर्मेशन आलं. तयार झालेली फिल्म थिएटरात लागेल, लागणारही नाही. पण प्रोजेक्टर घेऊन फिरणाऱ्या गाड्या ती कारखान्यांच्या कँटीनमध्ये, शाळांत, खेड्यांतल्या सभागृहांत फुकट दाखवतील. बाँबनी उद्ध्वस्त झालेल्या प्लिमथची पुनर्रचना कशी होणार, यावर जिल क्रेगीची 'द वे वी लिव्ह' गेल्याच वर्षी आली आहे. आता विषय आहे सिटीची चर्च. ही तिघांची तुकडी मी कल्पनेने उभी केली आहे. तुम्ही जे बघणार आहात ते मात्र त्या उन्हाळ्यात तिथे होतंच.

उजवीकडे उतरा. लोअर थेम्स स्ट्रीटवर पाऊल टाकताच मासळीचा वास अंगावर येतो, कारण शेजारी बिलिंग्जगेटचा बाजार आहे. हमाल डोक्यावरच्या कडक चामडी टोप्यांवर पेट्या रचून चालले आहेत आणि तुमच्या तिपाईची त्यांना अडचण होते आहे. इथंच सेंट मॅग्नस चर्च आहे. जुना लंडन ब्रिज होता तेव्हा पुलावर जाणारी पायवाट या चर्चच्या मनोऱ्याखालून जायची. १९४० मध्ये पुलावर बाँब पडला, त्या धक्क्याने खिडक्यांच्या काचा गेल्या. पण चर्च उभं आहे. आत शिरा, पांढरे-सोनेरी खांब बघा. टी. एस. इलियट यांनी 'द वेस्ट लँड'मध्ये या खांबांचा उल्लेख केला आणि टिपांमध्ये सिटीतली एकोणीस चर्च पाडण्याच्या प्रस्तावाचाही. तो प्रस्ताव १९२० च्या सुमाराचा, म्हणजे जर्मन विमानं यायच्या वीस वर्षं आधीचा.

हे लक्षात ठेवा, पुढे लागेल. सिटीतली वस्ती बाँब पडायच्या कितीतरी आधी उठून गेली होती. १८०१ च्या जनगणनेत इथे सव्वा लाखाच्या वर माणसं राहत होती. १९५१ मध्ये जेमतेम पाच हजार भरतील. सकाळी लाखो लोक कचेऱ्यांत येतात, संध्याकाळी निघून जातात, आणि रविवारी रस्त्यावर चिटपाखरू नसतं. चर्च मात्र आहेत तिथेच आहेत, रविवारची वाट बघत.

कॅमेरामन आतला उजेड मोजतो आणि मान हलवतो. छपराखाली चित्रण करायचं तर दिव्यांचं लटांबर आणावं लागेल, वीज लागेल, आणि विजेची तर सगळीकडे बोंब आहे. फेब्रुवारीतल्या भयंकर थंडीत कोळशाअभावी कारखाने बंद पडले होते. इंधन वाचावं म्हणून या उन्हाळ्यात घड्याळंही दोन तास पुढे केली आहेत. तेव्हा सेंट मॅग्नसचं बाहेरूनच छायाचित्रण होतं. वीस सेकंद.

पूर्वेला चढणीवर सेंट डन्स्टन-इन-द-ईस्ट. मनोरा दिसतो का? चार कमानी हवेत झेप घेऊन एकत्र येतात आणि त्यांच्या टोकावर शिखर तोललेलं आहे. हे वास्तुशिल्पी क्रिस्टोफर रेनचं काम. १६६६ च्या महाआगीत सिटीची ८७ चर्च जळाली. त्यातल्या ५१ ची नवी बांधणी रेनच्या कचेरीने केली, आणि तिचा पैसा आला लंडनमध्ये उतरणाऱ्या कोळशावरच्या करातून. दगडाजवळ जा, अगदी बोट लावा. पोर्टलंडचा चुनखडक. पावसाचा मारा बसतो ती बाजू हाडासारखी पांढरी, आडोशाची बाजू काजळीने काळीकुट्ट. कोळशाच्या पैशातून बांधलेल्या भिंती अडीचशे वर्षं कोळशाचा धूर खात राहिल्या. मनोऱ्याखालून आत या.

आत छप्परच नाही. १९४१ मध्ये गेलं. खिडक्यांची दगडी नक्षी शाबूत आहे, काचा नाहीत. सभामंडपात कमरेइतकी जांभळट गुलाबी फुलं उभी आहेत: रोझबे विलोहर्ब. जळलेली जमीन तिला मानवते आणि तिचं म्हातारीसारखं बी वाऱ्यावर कुठेही जातं. युद्धाआधी सिटीत ती क्वचित दिसायची. मधमाश्या आहेत. भिंतीच्या सांदीत बडलिया रुजला आहे आणि त्याच्या मुळ्यांनी सांधे उकलायला सुरुवात केली आहे.

कॅमेरामन पुन्हा उजेड मोजतो, आणि या वेळी हसतो. दिवे नकोत, वीज नको. वेदीची जागा, खांबांचे बुंधे, थडग्यांवरची अक्षरं, सगळं लख्ख उन्हात. चर्चचा अंतर्भाग इतका स्पष्ट टिपता यावा यासाठी त्याचं छप्पर जावं लागलं, हे बाईंच्याही लक्षात येतं. त्या काही बोलत नाहीत, फक्त एक अख्खं मॅगझिन इथेच खर्च करायला सांगतात. मला विचाराल तर त्यांचा निर्णय बरोबर आहे.

कॅमेरा फिरत असताना बाईंच्या पिशवीतून डोकावणारी पुस्तिका बघून घ्या. 'बॉम्ब्ड चर्चेस ॲज वॉर मेमोरियल्स', १९४५ ची, सेंट पॉल्सचे डीन मॅथ्यूज यांच्या प्रस्तावनेसह. तिचं मूळ ऑगस्ट १९४४ मध्ये 'टाइम्स'ला गेलेल्या एका पत्रात आहे. त्यावर सह्या होत्या कलाइतिहासकार केनेथ क्लार्क, कवी इलियट, अर्थतज्ज्ञ केन्स, क्यू उद्यानाचे संचालक सॅलिसबरी अशा मंडळींच्या. सॅलिसबरींनी बाँब पडलेल्या जागांवरच्या याच रानफुलांचा अभ्यास केला होता. पत्राचं म्हणणं असं, की काही चर्च पुन्हा बांधूच नयेत. पडक्या भिंती तशाच राखाव्यात, आत बाग करावी, म्हणजे या शहराने काय सोसलं ते पुढच्या पिढ्यांना कळेल. इमारती नव्या होतील, रस्ते गुळगुळीत होतील, आणि मग कोणालाच खरं वाटणार नाही.

१९४७ मध्ये यातलं काहीच ठरलेलं नाही. पैसा नाही, पोलाद नाही, सिमेंट परवान्यावर मिळतं आणि आधी माणसांना घरं हवी आहेत. होल्डन आणि होल्फर्ड यांनी सिटीच्या पुनर्रचनेचा आराखडा याच वर्षी दिला आहे, पण कोणतं चर्च राहणार नि कोणतं जाणार हा घोळ अजून बरीच वर्षं चालेल. तुम्हाला मात्र ठाऊक आहे, की तुम्ही उभे आहात तिथे १९७१ मध्ये सार्वजनिक बाग होईल, आणि जेवणाच्या सुट्टीत कचेऱ्यांतली माणसं या खिडक्यांखाली डबे उघडून बसतील. त्या पत्राचं स्वप्न इथे तरी खरं होणार आहे.

थोडं पुढे, टॉवरच्या किल्ल्याजवळ, ऑल हॅलोज. रोजनिशीकार सॅम्युअल पीप्सने १६६६ ची आग याच चर्चच्या मनोऱ्यावरून पाहिली. डिसेंबर १९४० मध्ये बाँबमुळे इथली एक भिंत कोसळली आणि तिच्या पोटातून एक कमान बाहेर आली. कॅमेरा अगदी जवळ न्यायला सांगा. ओबडधोबड, गोल कमान. माथ्यावर कळीचा दगड नाही. आणि दगडांच्या जागी लावलेल्या आहेत रोमन काळातल्या सपाट विटा, दुसऱ्या कुठल्यातरी पडक्या इमारतीतून उचलून आणलेल्या. हे सॅक्सनांचं काम, नॉर्मन राजे यायच्या आधीचं. शेकडो वर्षं लोक या भिंतीला खेटून प्रार्थनेला बसत होते आणि आत काय आहे याची कोणालाच कल्पना नव्हती. विटांच्या कडा अजून धारदार आहेत. कॅमेरामन चाळीस सेकंद घेतो आणि चावी संपते.

आता चीपसाइड. सेंट मेरी-ल-बो. या चर्चच्या घंटा ऐकू येतील एवढ्या अंतरात जन्मलेला तोच खरा लंडनकर, असं इथले लोक मानतात. वर बघा: मनोरा आहे, त्यावरचं सुंदर शिखरही आहे, घंटा नाहीत. १९४१ च्या मे महिन्यातल्या हल्ल्यात मनोरा आतून पेटला आणि घंटा खाली आदळल्या. पण १९२६ मध्ये त्यांचं ध्वनिमुद्रण झालं होतं, आणि परदेशासाठीच्या इंग्रजी कार्यक्रमांच्या मध्ये बीबीसी तेच वाजवते. त्यामुळे या घडीला जगभर रेडिओवर ज्या घंटा ऐकू येताहेत त्या प्रत्यक्षात नाहीतच. १९६१ पर्यंत त्या पुन्हा वाजणार नाहीत.

तुमच्या मनात वसई येणं साहजिक आहे. १७३९ मध्ये वसई पडली आणि तिथल्या चर्चच्या घंटा मराठ्यांनी आणल्या. नाशिकला नारोशंकराच्या देवळात, भीमाशंकरला, मेणवलीला त्या आजही आहेत. त्या निदान वाजत्या राहिल्या. इंग्लंडमध्ये जून १९४० पासून चर्चच्या घंटा वाजवायलाच बंदी होती. वाजली तर शत्रू उतरला असं समजायचं. नोव्हेंबर १९४२ मध्ये अल अलामेनच्या विजयासाठी त्या एकदा वाजल्या, तेव्हा रस्त्यात थांबून लोक रडले असतील, असं मी मानून चालतो.

पश्चिमेला सेंट पॉल्सचा घुमट. त्याच्या नि तुमच्या मध्ये, उत्तरेकडे पार क्रिपलगेटपर्यंत, उघडं रान पसरलं आहे. तळघरांच्या भिंती, त्यातलं हिरवं पाणी, आग विझवण्यासाठी केलेल्या टाक्या. इथेच पॅटरनॉस्टर रो या गल्लीत प्रकाशकांची गोदामं होती. पन्नास लाखांच्या आसपास पुस्तकं एका रात्रीत जळाली. ती रात्र २९ डिसेंबर १९४० ची, रविवारची. तो वार महत्त्वाचा आहे. आग लावणारे बाँब लहान असतात. छपरावर माणूस असेल तर वाळूच्या बादलीने किंवा हातपंपाने विझतात. पण रविवार असल्याने कचेऱ्या बंद, गोदामं बंद, चर्चना कुलपं. किल्ल्या उपनगरांत राहणाऱ्यांच्या खिशात. थेम्सला त्या रात्री विलक्षण ओहोटी होती, त्यामुळे पंपांना पाणी मिळेना. रेनची कमीत कमी आठ चर्च त्या रात्री गेली. ज्या रिकामेपणामुळे ती पाडावीत असं १९२० च्या सुमाराला वाटत होतं, त्याच रिकामेपणाने ती जाळली.

सेंट पॉल्स वाचलं ते चमत्काराने वाचलं असं पुष्कळ लोक म्हणतात, आणि 'डेली मेल'मध्ये छापलेलं हर्बर्ट मेसनचं छायाचित्र पाहिलं की धुरातून वर आलेला घुमट पाहून तसं वाटतंही. पण घुमटावर माणसं होती. सेंट पॉल्स वॉच नावाचं स्वयंसेवकांचं पथक रात्ररात्र पहारा देत होतं; त्यात बरेच वास्तुशिल्पी होते, कारण छपरांतले अंधारे बोळ त्यांना नकाशाशिवाय समजायचे. त्या रात्री एक बाँब घुमटाच्या शिशाच्या पत्र्यात रुतून बसला. शिसं वितळू लागलं, बाँब सुटून खालच्या सज्जात पडला, आणि तिथे तो विझवला गेला. तिथे विझवायला कोणीतरी होतं, एवढंच. बाईंच्या संहितेत याबद्दल दोन वाक्यं आहेत. माझ्या मते फिल्मचा अर्धा वेळ याला द्यायला हवा.

जेवणाची सुट्टी फ्लीट स्ट्रीटवर. पाव रेशनवर आहे, सँडविचमध्ये काय आहे ते विचारू नका. वर्तमानपत्रं कागदटंचाईमुळे चार पानांची. आणि त्या चार पानांत तुमचा देश आहे: भारताच्या स्वातंत्र्याचं विधेयक पार्लमेंटात आहे, महिना संपायच्या आत कायदा झालेला असेल. ते वाचून मान वर करा. समोर ८५ क्रमांकाची रॉयटर आणि प्रेस असोसिएशनची इमारत आहे, नवी दिल्ली रचणाऱ्या लट्येन्सनी बांधलेली. तिच्या मागे डोकावतं सेंट ब्राइड्सचं शिखर, २२६ फूट, एकावर एक ठेवलेले अष्टकोनी मजले. लग्नाच्या केकची कल्पना यावरून आली म्हणतात.

सेंट ब्राइड्स त्याच रविवारी जळालं. आत पुन्हा आकाश. पण इथे पायाखाली बघा. या फरशीच्या खाली रोमन काळातली फरसबंदी आहे, एकाखाली एक जुन्या चर्चचे पाये आहेत, हजारो माणसांच्या अस्थी आहेत. १९५२ नंतर डब्ल्यू. एफ. ग्राइम्स इथे उत्खनन करतील तेव्हा ते सगळं वर येईल आणि १९५७ मध्ये चर्च पुन्हा उभं राहील. आज ते कोणालाच माहीत नाही. कॅमेरा जमिनीकडे वळवण्याचं कारण बाईंकडे नाही आणि तुम्ही ते सांगू शकत नाही.

वाटेत बाई निवेदनाची चाचणी घेतात, वाक्यं मोठ्याने वाचून. ठाम, स्वच्छ, सर्वांना समजेल असा सूर. तुम्हाला तो ओळखीचा वाटेल. मुंबईत १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन सुरू होईल आणि पुढे कित्येक वर्षं आपल्याकडे प्रत्येक सिनेमाआधी याच घराण्याचा आवाज मराठीतही ऐकू येईल. धरणं, बियाणं, लेणी, देवीची लस. त्या आवाजाला शंका नसते. म्हणूनच तो ऐकताना डोळे चित्राकडे ठेवावेत. निवेदन जे ठरवून टाकतं ते पडद्यावर अजून ठरलेलं नसतं. बाई वाचतात, की ही चर्च पुन्हा उभी राहतील. ब्रेड स्ट्रीटचं सेंट मिल्ड्रेड राहणार नाही. सेंट स्वीदिन राहणार नाही. कोलमन स्ट्रीटचं सेंट स्टीफन राहणार नाही. वुड स्ट्रीटच्या सेंट ऑल्बनचा नुसता मनोरा उरेल. उलट, वॉलब्रुकच्या सेंट स्टीफनचा घुमट दुरुस्त होईल, आणि १९५३ मध्ये तिथले नवे रेक्टर चॅड व्हारा आत्महत्येच्या उंबरठ्यावरच्या माणसांसाठी एक टेलिफोन सुरू करतील, ज्यातून समॅरिटन्स ही संस्था उभी राहील. १९५२ चा एक कायदा सोळा चर्चना रविवारऐवजी सोमवार ते शुक्रवार कचेरीतल्या माणसांसाठी चालायची मुभा देईल. रिकाम्या शहरात चर्च कशाला, या प्रश्नाला तेव्हा कुठे नीट उत्तर मिळेल.

शेवटचं ठिकाण, गिल्डहॉलजवळ. सेंट मेरी ऑल्डरमनबरी. संध्याकाळचे आठ वाजले आहेत, पण घड्याळं पुढे असल्याने ऊन अजून तिरपं भिंतींवर आहे. चार भिंती आणि मनोरा. शेक्सपिअरचे दोन सहकारी नट, हेमिंग्ज आणि कॉन्डेल, याच वस्तीतले. १६२३ मध्ये त्यांनी त्याची नाटकं एकत्र छापली नसती तर त्यातली निम्मी कायमची गेली असती. बाजूच्या बागेत त्यांचं स्मारक आहे, वर शेक्सपिअरचा अर्धपुतळा. बाँबहल्ल्यातून तो वाचला. मिल्टनचं दुसरं लग्न याच चर्चमध्ये लागलं.

तुम्हाला जे माहीत आहे ते असं. चर्चिल गेल्या वर्षी, ५ मार्च १९४६ ला, अमेरिकेतल्या मिझुरी राज्यात फुल्टन नावाच्या छोट्या गावी वेस्टमिन्स्टर कॉलेजात बोलले. पोलादी पडद्याचं ते भाषण. साठच्या दशकात ते कॉलेज त्या भाषणाचं स्मारक म्हणून हे चर्च मागेल. भिंती उतरवतील, सुमारे ७,००० दगडांवर आकडे टाकतील, ते जहाजाने नि आगगाडीने नेतील, आणि १९६९ मध्ये हे चर्च फुल्टनला उभं असेल. इथे पायांच्या रेषा आणि हिरवळ राहील.

एकच मॅगझिन उरलं आहे. संहितेप्रमाणे शेवटचं दृश्य सेंट पॉल्सच्या घुमटाचं आहे, मावळतीच्या उजेडात, संगीतासह. कॅमेरामन घड्याळ बघतो. आत्ता निघालं तर मिळेल.

तुम्ही म्हणता, "घुमट कुठे जात नाही, बाई."

त्या तुमच्याकडे बघतात, मग भिंतींकडे. ढिगाऱ्यातून आरपार चालत जातात, पूर्वेच्या खिडकीशी थांबून मागे वळतात, आणि दोन्ही हातांची चौकट करून मनोऱ्याकडे बघतात. "सव्वादोन मिनिटांत किती बसेल?" कॅमेरामन हिशेब करतो: दक्षिणेची भिंत बाहेरून, तीच आतून, खांबांचे बुंधे, मनोऱ्याचा जिना, कोपऱ्यावरचे दगड एकमेकांत कसे बसवले आहेत ते. शेक्सपिअरला वेळ उरणार नाही. बाई म्हणतात चालेल, आणि पेन्सिल काढून संहितेतल्या घुमटाच्या ओळीवर काट मारतात.